कुलपं खोटी, मग मरणं कशी खरी?

कुलूपवेडा: काल इथे कुणीतरी ठोकून दिलंय, "सुटकेचे आणि जीवघेणे खेळ म्हणजे नुसती बनवाबनवी, धोका शून्य." डोकंच फिरलं. जादूगार चुंग लिंग सू आठवतोय? लंडन, १९१८, गोळी झेलायचा खेळ. ठासणीची बंदूक अशी केलेली की गज ठेवायच्या नळीतून नुसता बार उडावा, गोळीची नळी गप्प राहावी. वापरून वापरून दारू झिरपत गेली आणि एका रात्री गोळीची नळीच उडाली. वर्षानुवर्षं चिनी सोंग वठवणारा हा अमेरिकन तेव्हा कुठे स्टेजवर इंग्रजी बोलला. पडदा पाडा म्हणाला. म्हणे शून्य!

रोखठोक: ते मीच लिहिलंय. बंदुकीची निगा राखली नाही, त्यात सुटका कुठे आली? सुटकेचे खेळ करणाऱ्या हुदिनीचा दुधाचा कॅन घ्या: पाण्याने भरलेल्या कॅनमध्ये शिरायचं, वरून झाकणाला कुलपं. लोक झाकणाच्या कुलपांकडे टक लावून, आणि कॅनचा गळा जोडणारे रिवेटच खोटे! कुलपांसकट गळा उचलायचा, बाहेर यायचं.

पडद्यामागे: झालं, फोडलंत! अकरा वर्षं दोरीचे खेळ करतोय. असलंच काहीतरी वाचून आलेल्या एका शहाण्याने "हे हात फुगवून ठेवतात" म्हणत ओल्या सुतळीने माझी मनगटं करकचून आवळली. बोटं निळी पडली, पडदा पाडून कात्री मागवावी लागली. अंगठ्याला दोन महिने मुंग्या.

रोखठोक: कॅनचा खेळ १९०८ चा, गुपित कसलं राहिलंय? हुदिनी स्वतः वेष बदलून आत्मे बोलावणाऱ्यांच्या बैठकीत बसायचा आणि त्यांचं पितळ उघडं पाडायचा. ते चालतं?

पडद्यामागे: ते दुःखी माणसांना लुबाडत होते. आम्ही तिकीट लावून, सांगून फसवतो. एवढा फरक कळत नसेल तर बोलणंच खुंटलं.

हौशी_प्रेक्षक: पण हुदिनी पाण्याच्या पेटीत बुडूनच गेला ना?

कुलूपवेडा: सिनेमात! खरा गेला १९२६ मध्ये, अपेंडिक्स फुटून.

तिसरीघंटा: भांडा सावकाश. रोखठोक, तुमच्या तसल्याच कॅनमध्ये जेनेस्टा नावाचा जादूगार १९३० साली अडकला आणि दगावला. कॅन चेपला होता म्हणतात, गळा निघेना. २०१९ मध्ये हुगळीत साखळदंडांनी बांधून उतरलेले चंचल लाहिरीही वर आले नाहीत. युक्ती माहीत असली तरी पाणी नाकात जायचं थांबत नाही.

रोखठोक: बरं बाबा, 'शून्य' खोडून 'थोडासा' करतो. खूश? रिवेट मात्र खोटेच होते.

पडद्यामागे: परत लिहिलंत!