काजळी शोभेची म्हणणाऱ्या नेरूळकरांना उत्तर

खाडीकाठचा (चेंदणी)
शनिवारच्या खेळात आपण मेरुखंड नावाच्या कल्पित जगातली पात्रं होतो; त्या जगाला दोन चंद्र, शुभ्रा आणि काळी काजळी. खेळाच्या ग्रुपवर काल तो चालवणाऱ्या नेरूळकरांनी (इथले जादूगार नेरूळ) लिहिलं, "मेरुखंडाच्या आकाशातली काजळी शोभेला आहे. तिच्यामुळे भरती किती येते असले प्रश्न पडणाऱ्यांनी खेळ सोडून शिकवणी लावावी." प्रश्न मीच विचारला होता, म्हणजे टोमणाही मलाच. तर आता घ्या शिकवणी.

खेळाच्या वहीत तुमच्याच अक्षरात आहे: शुभ्रा आपल्या चंद्रासारखी, आणि काजळी तिच्या दुप्पट मोठी दिसते. बास, एवढं पुरे. दोघी एकाच जातीच्या दगडाच्या असतील, तर कोण किती लांब हे विचारायचीही गरज नाही. दिसायला दुप्पट म्हणजे भरतीची ओढ आठपट. आपले सूर्य-चंद्र दिसायला सारखेच, तरी सूर्याची ओढ चंद्राच्या निम्म्याहून कमी, कारण सूर्य त्या मानाने विरळ आहे.

आणि तुमच्या मीठबंदरात व्यापारी भर काजळीखाली धक्क्यावर गालिचा अंथरून हिशेब करतायत! निदान पाय तरी भिजवा त्यांचे. आमच्याकडचे म्हातारे तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ सांगायचे. चतुर्थी म्हणजे तीन. खाडीच्या टोकाला पाणी जरा उशिरा चढतं, ते धरून चालायचं. डोक्यावर चंद्र असला की खालची माणसं असं काहीतरी बसवतातच. अख्ख्या मेरुखंडात एक कोळी नाही?

जादूगार नेरूळ
काका, आपल्या खेळात हत्ती उडतात. त्यांचं वजन कधी विचारलंत? देवीच्या दिव्याची काजळी आभाळाला धरली, तिचा हा चंद्र झाला. काजळीला कसली आलीय ओढ?

खाडीकाठचा
हत्तीला पंख आहेत हे तुम्ही पहिल्याच दिवशी सांगितलंत, म्हणून तो उडतो. काजळीला ओढ नाही हे वहीत कुठे लिहिलंय ते दाखवा. आणि काळी म्हणून ती हलकी होत नाही. आपला चंद्रही जवळून डांबरी रस्त्याइतकाच काळपट आहे, रात्रीच्या अंधारात उजळ वाटतो एवढंच.

ऐरोलीची सूनबाई
भरतीचं तुमचं तुम्ही बघा. संकष्टीचा उपास कुठल्या चंद्रावर सोडायचा ते आधी सांगा. एका चंद्राला आमच्या सासूबाई नऊ वाजता गच्चीत ताट घेऊन उभ्या असतात, समोरचा टॉवर झाल्यापासून तोही अर्धा तास उशिरा दिसतो. त्यात दुसरा काळा. म्हणजे दिसणारच नाही. मोदक गार.

कळव्याचा गणित्या
दुसरा रोज उगवणारही नाही, ताई. वहीत काजळी शुभ्राच्या चौपट जवळ आहे. म्हणजे तिची फेरी आठपट लवकर, साधारण 3.4 दिवसांत. दिवस 24 तासांचा धरला तर ती 34 तासांनी उगवेल. तिची भरती दर 17 तासांनी, शुभ्राची दर 12 तास 25 मिनिटांनी. दोन्ही एका वेळी जुळल्या की मीठबंदर संपलं.

जादूगार नेरूळ
मेरुखंडाचं वजन पृथ्वीएवढं आहे हे तुम्हाला कोणी सांगितलं? ते बदललं की तुमचे 34 तास गेले वाऱ्यावर.

कळव्याचा गणित्या
शुभ्राचा महिना 27 दिवसांचा, अंतर आपल्या चंद्राइतकं, हेही तुमच्याच वहीत आहे. त्यातून वजन तेवढंच निघतं. वही हरवा आता.

वाशीतला पाणीवाला
भरत्या जुळल्यावर काय होतं ते आम्हाला विचारा. नवी मुंबईचा बराच भाग भरतीच्या पातळीखाली, म्हणून होल्डिंग पाँड केले, म्हणजे भरतीच्या वेळी पावसाचं पाणी साठवून धरायचे तलाव. खाडीचं पाणी चढलं की बाहेरच्या दाबाने फ्लॅप गेट बंद होतं, ओहोटी लागली की आतलं पाणी ते ढकलून बाहेर पडतं. साधी, विजेशिवाय चालणारी सोय. पण गेटच्या फटीत थर्माकोल आणि चपला अडकल्या की ते मिटतच नाही, आणि खाडी उलटी आत येते. आमच्या सोसायटीत मीटरबॉक्सपर्यंत पाणी आलं होतं. तक्रार केली तर "आमच्याकडे येत नाही" असं उत्तर. पाँडमध्ये गाळ साचलाय, त्यावर झाडी माजलीय. काढा म्हटलं की पर्यावरणवाले उभे.

पाणथळ बेलापूर
'झाडी' नाही, कांदळवन आहे ते. उच्च न्यायालयाने 2018 साली त्याची तोड म्हणजे जगण्याच्या हक्कावर घाला असं स्पष्ट म्हटलंय. ठाणे खाडीला 2022 मध्ये रामसर दर्जा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा हा मान, मिळाला तो काय तुमच्या मीटरबॉक्सकडे बघून?

वाशीतला पाणीवाला
तुम्ही कितव्या मजल्यावर राहता?

पाणथळ बेलापूर
त्याचा काय संबंध?

वाशीतला पाणीवाला
तळमजल्यावर राहा, मग संबंध कळेल. फ्लेमिंगो मलाही आवडतात. माझ्या फ्रिजमध्ये पाणी शिरलं तेव्हा ते आले नव्हते.

पाणथळ बेलापूर
गाळ काढायला कोण नको म्हणतंय? परवानगी घेऊन काढा. पण गाळाच्या नावाखाली पाँडचा प्लॉट होतो, हा आमचा अनुभव आहे. तेव्हा तुमची सोसायटी कुठे होती?

घोडबंदर ग्रस्त
तुमचं पाणी सहा तासांनी उतरतं तरी. आमचा ट्रॅफिक कुठल्या चंद्राने उतरेल?

जादूगार नेरूळ
धागा काजळीचा आहे!

वाशीतला पाणीवाला
भरतीचा आहे. आणि भरती साडेचार मीटरच्या वर जाणार म्हटलं की आम्ही पावसाळ्यात गाडी पुलावर नेऊन लावतो. तुमच्या जगात आठपट ओढ असून सगळे गालिच्यावर बसलेत, याचा मला काकांपेक्षा जास्त राग आहे.

जादूगार नेरूळ
बरं बाबा, जिंकलात सगळे. येत्या शनिवारी मीठबंदर बुडवतो. काकांचं पात्र तेव्हा धक्क्यावर झोपलेलं असेल.

खाडीकाठचा
झोपेल की. होडीत. दोर सैल सोडून.

कळव्याचा गणित्या
भरतीची वेळ तेवढी मला विचारून ठरवा.

ऐरोलीची सूनबाई
आणि संकष्टी?