पोलिश चित्रपटांच्या अभ्यासासाठी मदत हवी आहे

नमस्कार. दुसऱ्या महायुद्धानंतरचा पोलिश चित्रपट तिथल्या इतिहासासह समजून घेण्याचा प्रयत्न करत असताना मी एका ठिकाणी अडलो आहे. आंद्झेय वायदा यांच्या १९५८ सालच्या ‘राख आणि हिरे’ या चित्रपटात नायक मात्सेक बारमध्ये मद्याचे पेले एकामागून एक पेटवतो आणि त्या ज्योतींसोबत मारल्या गेलेल्या साथीदारांची नावे घेतली जातात. हा प्रसंग पाहताना दर वेळी माझा घसा दाटून येतो. कम्युनिस्ट राजवटीत, त्याच राजवटीविरुद्ध लढणाऱ्या तरुणाला इतक्या जिव्हाळ्याने दाखवणे कसे शक्य झाले? १९५६ नंतर निर्बंध सैलावले होते हे खरे, पण तेवढे कारण मला पुरेसे वाटत नाही. सरकारी पैशावर चालणाऱ्या, पण दिग्दर्शकांच्या हाती असलेल्या निर्मितीगटांचा आणि १९४८ साली वुच शहरात सुरू झालेल्या चित्रपटशाळेचा यात किती वाटा होता? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे. या विषयावर मराठीत काही वाचण्याजोगे असल्यास तेही सुचवावे. यानंतर वायदांचेच १९७७ आणि १९८१ मधले चित्रपट पाहावेत, की आधी क्शिश्तोफ किश्लोव्स्की यांच्याकडे वळावे?