मॅरिलिन बर्न्स: नटी की नुसती किंचाळणारी?

रातकिडा: टोबी हूपरचा १९७४ चा 'द टेक्सस चेन सॉ मॅसॅकर' भयपटवेड्यांना तोंडपाठ असतो. त्यातला करवतवाला खुनी लेदरफेस सगळ्यांना ठाऊक. त्याच्या तावडीतून निसटणाऱ्या सॅलीचं काम कुणी केलं विचारा, भलेभले गप्प! माझ्या मते सिनेमा मॅरिलिन बर्न्सनेच ओढून नेलाय. उत्तरार्धात तिला धड संवादही नाहीत, नुसतं ओरडणं आणि गयावया. पण शेवटी पिकअपच्या हौद्यात रक्ताने माखलेली ती रडता रडता खदाखदा हसू लागते, तो बदल बघा. इतकं करून मिळालं काय? १९७६ मध्ये हूपरच्याच 'ईटन अलाइव्ह'मध्ये पुन्हा बांधून घालून तोंडात बोळा.

खडूस काका: अभिनय कसला डोंबलाचा! लेदरफेसच्या घरात सॅलीला जेवणाच्या टेबलाशी बांधतात, तो प्रसंग सलग २४ तासांहून जास्त वेळ शूट केला. टेक्ससचा उन्हाळा, रात्र दाखवायला खिडक्या काळ्या कापडाने झाकलेल्या, आत हाडं नि सडकं मांस. तिचं बोट कापून त्या घरातल्या म्हाताऱ्याला रक्त चोखायला देतात ना, तिथे खोट्या रक्ताची नळी चालेना. शेवटी लेदरफेस झालेल्या गनर हॅन्सनने तिचं बोट खरोखरच कापलं. हे त्यानेच पुढे सांगितलंय. ती कळवळली, त्याला तुम्ही अभिनय म्हणणार? छळ आहे तो सरळसरळ.

मंजिरी: काका, छळ झाला हे शंभर टक्के मान्य. पण त्यापायी तिचं श्रेय का कापता? बोट कापलं एका शॉटपुरतं, सिनेमाभर नाही. आणि १९७६ चा टीव्हीवरचा 'हेल्टर स्केल्टर' बघितलाय का? चार्ल्स मॅन्सनच्या टोळीने केलेल्या खुनांच्या खटल्यातली सरकार पक्षाची मुख्य साक्षीदार लिंडा कसाबियन तिने केलीय. कोर्टात बसून बोलायचं, करवत नाही की काही नाही. किंचाळण्यापलीकडचं येत होतं तिला.

खडूस काका: येत होतं तर पुढे कामं का नाहीत? जेमी ली कर्टिसही १९७८ च्या 'हॅलोवीन'मधूनच आली की. ऑस्कर घेऊन बसलीय.

रातकिडा: अहो, जेमीची आई जॅनेट ली, वडील टोनी कर्टिस, दोघेही हॉलिवूडचे स्टार! मॅरिलिन वाढली ह्यूस्टनला. हॉलिवूडमध्ये तिचं कोण होतं? 'चेन सॉ' तुफान चालला, तरी वितरकाकडून कलाकारांच्या हाती चिल्लरच पडली. पुढे १९८५ चा 'फ्युचर-किल' वगैरे किरकोळ सिनेमे.

मंजिरी: आणि 'चेन सॉ'च्याच मालिकेच्या १९९५ आणि २०१३ च्या भागांत तिला बोलावलं, तेही झलक दाखवण्यापुरतं. २०१४ मध्ये गेली ती. ते बोलावणं म्हणजे चाहत्यांच्या जिवावर चाललेला धंदा. पुढे कामं नाहीत म्हणता, तिथे मात्र काका बरोबर आहेत.

खडूस काका: चला, कुठेतरी बरोबर आहे म्हणायचं! 'हेल्टर स्केल्टर' बघेन. पण त्या जेवणाच्या प्रसंगाला टाळ्या माझ्याकडून नाहीत.