जामीन, जामीनदार की हमीदार?

गोदाकाठ : निफाडच्या मामांना पतसंस्थेची नोटीस आलीय. द्राक्षबागेच्या कर्जावर मित्रासाठी 'नुसती सही मारली होती'. वकिलांनी दिलेलं इंग्रजी टिपण मराठीत करून द्यायचंय, अडलोय 'को-एक्स्टेन्सिव्ह'वर. मी 'सहविस्तारी' लिहिलं, तर मामा घाबरले, "कर्ज वाढवलं का रे त्यांनी?" आणि गॅरंटरला जामीनदार म्हणू की हमीदार?

सातपूरकर : 'कर्जदाराइतकीच जबाबदारी' लिहा, विषय संपला. करार कायदा १८७२, कलम १२८. करारात वेगळं ठरलं नसेल तर जामीनदार कर्जदाराइतकाच बांधील. 'आधी त्याला गाठा, मग माझ्याकडे या' हे चालत नाही. बिहार बँकेच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयानं १९६८ सालीच सांगितलंय.

पंचवटी_जुनी : 'जामीनदार' ही मुळात द्विरुक्ती! अरबी 'ज़ामिन' म्हणजेच हमी घेणारा माणूस. आमचे आजोबा 'मी त्याला जामीन आहे' म्हणायचे, 'दार' नाही.

द्राक्षवेल : आजोबांचं राहू द्या. आज 'तो जामीन आहे' म्हटलं की लोक विचारतात, कुठल्या पोलिस ठाण्यात? माझ्या आजीला चुलत्यांनी 'मी जामीन राहिलो' सांगितलं, तर तिने डबा भरायला घेतला होता.

शुद्धलेखक : परकीय शब्दांवर वाद कशाला? 'प्रतिभू' वापरा. याज्ञवल्क्यस्मृतीत प्रतिभूचे तीन प्रकार आहेत : माणूस हजर करणारा, त्याच्या भरवशाची ग्वाही देणारा आणि पैसे भरणारा. पहिल्या दोघांची जबाबदारी स्वतःपुरती, तिसऱ्याची मुलांवरही येते.

द्राक्षवेल : निफाडला 'प्रतिभू' म्हणालात तर द्राक्षाचं नवं वाण समजतील.

सातपूरकर : तिसरा प्रकार म्हणजेच मामा. पतसंस्थेनं 'एकशे एकचा दाखला' (सहकार कायद्याच्या कलम १०१ खालचा थकबाकी वसुलीचा दाखला) घेतलाय का, ते आधी पाहा. मामांना न विचारता कर्जाच्या अटी बदलल्या असतील तर करार कायद्याचं कलम १३३ कामी येतं (बदलानंतरच्या व्यवहारांतून जामीनदार सुटतो), पण छापील फॉर्मवर त्याचीही संमती बहुधा आधीच घेतलेली असते. मामांनी पैसे भरलेच, तर ते मित्राकडून वसूल करता येतात. कागदावर तरी.

गोदाकाठ : दाखला निघालाय. तो मित्र जामीनावर वगैरे नाही, मजेत फिरतोय. हमीदार लिहू का मग?

पंचवटी_जुनी : 'हमी'ही अरबीच. 'हामी' म्हणजे पाठीराखा.

सातपूरकर : मूळ करारनाम्यात जो शब्द असेल तोच ठेवा. टिपणात दुसरा घातलात की मामा विचारणार, हा कोण आणखी?

शुद्धलेखक : आणि 'जामीनावर' नव्हे, 'जामिनावर'.

द्राक्षवेल : मग 'जामिनदार' का नाही?

शुद्धलेखक : 'दार' हा विभक्तिप्रत्यय नव्हे. 'जमिनीवर', पण 'जमीनदार'.

गोदाकाठ : मंडळी, नोटिशीची मुदत सोमवारपर्यंत आहे.

पंचवटी_जुनी : 'मुदत'ही अरबीच बरं का.