आदेशाचं पालन, अनुपालन की पूर्तता?

भाषांतरी: बेकायदा फलकांवरच्या अवमान याचिकेत (कोर्टाचा आदेश पाळला नाही, अशी तक्रार) महापालिकेने दिलेलं प्रतिज्ञापत्र मराठीत करते आहे. ‘कम्प्लायन्स’ला ‘अनुपालन’ लिहिलं, तपासणाऱ्यांनी खोडून ‘पूर्तता’ केलं. बरोबर कोणतं?

रोजनामा: पूर्तता त्रुटींची, अटींची. आदेशाचं पालन. ‘अनुपालन’ लेखापरीक्षणातलं, आक्षेपाला खात्याने दिलेलं उत्तर. तिथे उत्तर गेलं की विषय मिटला असं धरतात; कोर्टात हीच सवय नडते. आदेशातला एकेक परिच्छेद घ्यावा, त्यापुढे काय केलं, कोणत्या तारखेला, किती फलक उतरवले, पंचनामा आणि फोटो कुठल्या परिशिष्टात ते लिहावं. ‘कार्यवाही सुरू आहे’ म्हणजे पालन नव्हे.

बोरूबहाद्दर: फलक लावणाऱ्यावर कारवाई, आदेशावर कार्यवाही. एवढं तरी सांभाळा.

शुद्धमती: सगळीकडे ‘अवमानना याचिका’ दिसते ती मात्र निव्वळ हिंदीची नक्कल.

रोजनामा: अहो, हिंदीत कायद्याचं नावच ‘न्यायालय अवमान अधिनियम’ आहे! ‘अवमानना’ संस्कृतातही सापडेल.

शुद्धमती: संस्कृतात असेल, मराठीच्या तोंडी नाही.

बोरूबहाद्दर: तोंडी म्हणाल तर ‘कोर्टाची बेअदबी’.

कलमकसाई: बेअदबी फौजदारी अवमानाला शोभते. १९७१च्या कायद्यात दिवाणी अवमान वेगळा: आदेश जाणूनबुजून मोडणं किंवा कोर्टाला दिलेली हमी न पाळणं. त्यात कोणी कोणाला उलट बोललेलं नसतं. २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने राज्याचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन विभागाचे प्रधान सचिव अशोक खोत यांना महिनाभराची साधी कैद दिली, ती बंदी असताना आरागिरण्यांना परवानगी दिली म्हणून. कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, दंड अवघा २,००० रुपये.

भाषांतरी: ‘जाणूनबुजून’ की ‘हेतुपुरस्सर’?

कलमकसाई: जाणूनबुजून. वाईट हेतू सिद्ध करावा लागत नाही. आदेश ठाऊक होता, पाळता येत होता, तरी पाळला नाही, एवढं पुरतं. आदेशच संदिग्ध असेल तर अधिकारी सुटतो. बहुतेक जण अडकतात ते अपील दाखल केलं म्हणजे स्थगिती मिळाली असं समजून. मुदत संपण्याआधी मुदतवाढ मागायची, हेही राहून जातं. अर्जदारानेही जपावं: अवमान घडल्यापासून एक वर्ष उलटलं की कलम २० आड येतं.

शुद्धमती: मग सरळ ‘आज्ञाभंग’ म्हणा. ‘अवमान’ ऐकून लोकांना वाटतं, न्यायाधीशांना राग आला.

रोजनामा: आज्ञाभंग शाळेत होतो.

भाषांतरी: आणि माझं वाक्य? ‘पालन’ ठेवू ना?

बोरूबहाद्दर: ‘अंमलबजावणी’ लिहा, वाद नको.

शुद्धमती: मूळ अरबी ‘अमल’. अनुस्वार कशाला?

रोजनामा: अनुस्वार राहू द्या, शब्दच चुकीचा आहे. अंमलबजावणी हुकूमनाम्याची, म्हणजे दिवाणी दाव्यातल्या निकालाची; त्यासाठी दरखास्त, म्हणजे वेगळा अर्ज, टाकतात.

बोरूबहाद्दर: ‘दरखास्त’ फारसी. शुद्धमती, चालेल का?