कुत्रीला फेटा आणि जाकीट घालावे का?

प्रश्न (विश्रामबाग, सांगली): गणेशोत्सवातील वेशभूषा स्पर्धेसाठी आमच्या लॅब्राडोर कुत्रीला फेटा आणि जरीचे जाकीट शिवले आहे, मात्र ते घातले की ती कान मागे पाडून जागच्या जागी थिजते. सवयीने हे जाईल का?

उत्तर १: ती घाबरलेली आहे. कुत्रे मुख्यतः धापा टाकूनच अंग थंड ठेवते, त्यामुळे भाद्रपदातल्या दमट उकाड्यात जाड अस्तर नकोच. गळ्याशी दोन बोटे सहज सरकली पाहिजेत आणि तोंड पूर्ण मोकळे राहिले पाहिजे.

उत्तर २: आमच्या कुत्र्याने फेट्याचा शेमला टिकल्यांसकट गिळला होता! तेव्हापासून सुटे मणी, टिकल्या बंद.

उत्तर ३: फेट्याने कान झाकले जातात, म्हणून तो वगळावा. गळ्यात सुती रुमाल पुरे. तोही ढोल-ताशापासून दूर, दहा मिनिटेच.