मदत हवी आहे: ‘दोदेसुकादेन’ला मराठी आवाज कोणता?

अकिरा कुरोसावांच्या ‘दोदेसुकादेन’ (१९७०) या चित्रपटासाठी मराठी सबटायटल्स करतोय आणि नावावरच अडकलोय. कचऱ्याच्या ढिगाऱ्यांमधली वस्ती, आणि तिथला रोकुचान हा मुलगा रोज एक अदृश्य ट्राम चालवतो. आधी तिला चहूबाजूंनी निरखतो, देखभाल नीट झाली नाही म्हणून कुरकुरतो, मग हँडल धरून ‘दो-दे-सु-का-देन’ म्हणत निघतो. सुरुवात संथ, मग वेग वाढत जातो.

हा जपानीतला रुळलेला शब्द नाही. रुळांवरच्या खडखडाटाला तिथे ‘गातान्-गोतोन्’ म्हणतात. म्हणजे हा आवाज खास त्या मुलाचा आहे. तो मला जपायचाय.

‘झुकझुक’ करून पाहिलं, पण त्यात कोळशाचं इंजिन येतं. ‘खडखड’, ‘धडधड’ वेग घेत नाहीत. मूळ शब्द तसाच ठेवला, तर मुंबईची ट्राम १९६४ मध्येच बंद झाल्यामुळे आजच्या प्रेक्षकाला त्यात चाकं ऐकू येतील असं वाटत नाही. तळटीप देता येणार नाही, ओळही एकच.

ट्रामच्या आवाजासाठी घरातल्या जुन्या माणसांच्या तोंडी एखादा शब्द होता का? नसल्यास, हळू आणि वेगात दोन्हीकडे म्हणता येईल असा पाच अक्षरांचा आवाज सुचवाल का?